हळू वाचलेली वही

त्या हॉटेलात येणारी माणसं भिंतीवरच्या पाटीसमोर क्षणभर गप्प उभी राहायची. काळ्या लाकडी चौकटीत, जुन्या छापील वळणाच्या जर्मन अक्षरांत चार ओळी. हॉटेल काढणाऱ्या आजीबाईंनी स्वतःच्या हाताने रंगवलेली ही जेवणाआधीची प्रार्थना आहे, असं मेनूच्या मागच्या बाजूला छापलेलं होतं. आम्ही तिथे पहिल्यांदा गेलो तेव्हा मी ती पाटी वाचली आणि मला हसू आवरेना. तिच्यावर लिहिलं होतं, 'कुत्री बाहेर बांधावीत. टोप्या काढाव्यात. भांडायचं असेल त्यांनी अंगणात भांडावं. वाढलेलं संपवावं.'

मी पुण्याची. घरापासून इतक्या लांब अशी अस्सल पाटी भेटेल असं मला वाटलं नव्हतं.

"हळू हस, लोक बघतायत," नवरा म्हणाला. मी त्याला मराठीत अर्थ सांगत होते, तेवढ्यात मागे हॉटेलचे मालक ताटल्या घेऊन उभे. पंचाहत्तरी उलटलेली, उंच, जरासे वाकलेले. काय झालं म्हणून त्यांनी विचारलं आणि मी इंग्रजीत सगळं सांगून टाकलं. चूक दिसली की गप्प बसणं मला कधी जमलेलं नाही. ते ताटल्या आमच्या टेबलावर ठेवून रिकाम्या खुर्चीत बसले आणि ॲप्रनला डोळे पुसत हसत राहिले. मग म्हणाले, "कोणाला सांगू नकोस. या पाटीखाली अर्ध्या गावाचे साखरपुडे झालेत."

ही दोन हजार तीन सालच्या ऑक्टोबरातली गोष्ट. गाव मिशिगनमधलं, ॲन आर्बरपासून पाऊण तासावर. ॲन आर्बरात विद्यापीठ होतं, बसेस होत्या, मराठी पोरं होती, गणपती बसायचा. आमच्या गावात गाड्यांचे सुटे भाग करणारा एक कारखाना, चार चर्च आणि हे जर्मन हॉटेल. नवरा त्या कारखान्याच्या सॉफ्टवेअरवर काम करत होता आणि मी त्याच्या व्हिसाला शेपटासारखी जोडलेली होते. डिपेंडंट व्हिसावर नोकरी करायची परवानगी नसते. पुण्यात मी सहा वर्षं जर्मन शिकले होते, पुढे एका कंपनीत पंपांची माहितीपुस्तकं जर्मनमधून उतरवायचे. इथे ती जर्मन आणि मी, दोघी घरात बसून होतो.

सकाळी साडेसातला नवरा आमची एकुलती एक गाडी घेऊन गेला की संध्याकाळपर्यंत माझ्याशी बोलणारं कोणी नसायचं. हे मी वाढवून सांगत नाही. एका आठवड्यात नवरा सोडून मी फक्त पोस्टमनला 'थँक यू' म्हटलं होतं, तेही दोनदा. पुण्याला फोन करावा तर माझी दुपार म्हणजे आईची मध्यरात्र. शेजारच्या अपार्टमेंटमधली बाई जिन्यात भेटली की हसायची, पण त्या हसण्यातच 'आता पुढे बोलू नका' असं असायचं. मला रडू यायचं नाही, राग यायचा. भांडी आपटून झाली की तोही जायचा आणि मग दुपारचे तीन वाजलेले असायचे.

त्यामुळे त्या म्हाताऱ्या मालकांनी निघताना जेव्हा विचारलं, "जुनं, हाताने लिहिलेलं जर्मन तुला वाचता येईल का?" तेव्हा मी पुरतं ऐकून घ्यायच्या आतच "येईल" म्हणून मोकळी झाले. येत नव्हतं.

गुरुवारी दुपारी अडीचला, जेवणाची गर्दी ओसरल्यावर मी चालत तिथे गेले. वीस मिनिटांची वाट. स्वयंपाकघरात चुलीजवळ एक लहान टेबल होतं, त्यावर त्यांनी मेणकापडात गुंडाळलेली जाडजूड वही ठेवली. हीच आजीबाईंची वही. हॉटेल चालू झाल्यापासून त्या मरेपर्यंत, रोज नाही, पण मनाला येईल तेव्हा, दोन जेवणांच्या मधल्या वेळात त्या याच टेबलाशी बसून लिहायच्या. मी वही उघडली आणि मला एक अक्षर लागेना. जुन्या जर्मन लोकांचं हातलिखाण वेगळंच होतं. सगळ्या पानभर नुसते उभे दात. आमच्या आजोबांच्या ट्रंकेतले मोडीतले कागद आम्ही मुलं असेच उलटसुलट धरून बघायचो.

"वेळ लागेल," मी गंभीर चेहऱ्याने म्हटलं.

"फार वेळ नाहीये," ते म्हणाले, आणि बटाटे सोलता सोलता त्यांनी मला कारण सांगितलं.

त्यांना एक मोठी बहीण होती, नऊ वर्षांनी मोठी. यांच्या जन्माच्या वेळी आई गेली, तेव्हा दोघांना आजीनेच वाढवलं. बहिणीला तेराव्या वर्षी शाळेतून काढून चुलीशी उभं केलं. आजी तिला सकाळ-संध्याकाळ बोलायची. कोबी जाड चिरला म्हणून, पीठ सैल झालं म्हणून, उगीच हसली म्हणून. आणि दुपारी चष्म्यावरून तिच्याकडे बघत वहीत काहीतरी लिहायची. आजी गेली तेव्हा हॉटेल धाकट्याच्या, म्हणजे यांच्या नावावर झालं. बहिणीने तक्रार केली नाही, लग्नही केलं नाही. सत्तरी येईपर्यंत भावाच्या हॉटेलात राबली. मात्र दर नाताळात ती एकच विचारायची, 'ती माझ्याबद्दल काय लिहायची रे?' दोघांनाही जर्मन येत नव्हतं. पहिल्या महायुद्धात गावाने जर्मनांकडे वाकड्या नजरेने बघायला सुरुवात केली, तेव्हा आजोबांनी दारावरची जर्मन नावाची पाटी उतरवली आणि घरात त्या भाषेत बोलणं बंद केलं. मुलांना ती शिकवलीच नाही.

"मग इतकी वर्षं कोणाला दाखवली का नाही वही?"

"तिलाच भीती वाटायची," ते म्हणाले. "आता ती नर्सिंग होममध्ये आहे. विसरायला लागलीये. मागच्या महिन्यात म्हणाली, आता सांग, काय असेल ते असू दे. अजून मला ओळखते ती. तोवर व्हायला हवं."

म्हणजे घाई कशाची आहे हे मला पहिल्याच गुरुवारी स्वच्छ सांगितलेलं होतं. पुढे मी जे केलं त्याला 'मला माहीत नव्हतं' ही सबब नाही.

पुढच्या शनिवारी नवऱ्याला दामटून ॲन आर्बरच्या लायब्ररीत नेलं, जुन्या अक्षरांचा तक्ता मिळवला आणि त्याची झेरॉक्स स्वयंपाकघराच्या भिंतीवर चिकटवली. फोडणी करताना अक्षरं घोकली. पहिलं पान लागायला तीन आठवडे लागले, आणि ते खरेखुरे लागले. पण एकदा हात बसल्यावर आजीबाई माझ्याशी बोलायला लागल्या. दुसरा शब्द मला सुचत नाही. सबंध आठवड्यात माझ्याशी सविस्तर बोलणारी तेवढी एकच बाई होती.

आणि काय तिखट बाई. नवरा खाटीक, दक्षिण जर्मनीतल्या कुठल्याशा खेड्यातून आलेला. त्याने सॉसेज करायचे आणि हिने रेल्वेच्या मजुरांना जेवायला घालायचं, असं हॉटेल सुरू झालं. 'आज पाद्री जेवून गेला. तीनदा वाढून घेतलं आणि चौथ्यांदा देवाचे आभार मानले. माझे एकदाही नाही.' दारूबंदीच्या काळात बिअर गेली, गिऱ्हाईक गेलं, तेव्हा हिने आंबवलेला कोबी बरण्यांत भरून चर्चच्या दाराशी विकला. 'लोक म्हणतात वास येतो. दारूचा येत होता तेव्हा कोणी नाक धरलं नाही.' मी वाचायचे, इंग्रजीत सांगायचे, म्हाताऱ्यांचे हात बटाट्यावर थांबायचे आणि ते म्हणायचे, "अगदी अशीच बोलायची."

माझा गुरुवारचा उपास असायचा. सासूबाईंनी सांगितलेला, आणि इतक्या लांबून तरी मोडू नये म्हणून धरलेला. त्यांनी पहिल्यांदा बटाट्याची किसून तळलेली धिरडी पुढे केली तेव्हा मी विचारलं, यात अंडं आहे का? होतं. कांदा? होता. पीठ? होतं. पुढच्या गुरुवारपासून त्यांनी माझ्यासाठी वेगळी करायला सुरुवात केली. "अंडं नको, कांदा नको, पीठ नको. मग उरलं काय?" "बटाटा." "आणि याला तुम्ही उपाशी राहणं म्हणता?" सढळ हाताने घातलेल्या लोण्यात तळलेली ती धिरडी मी चारपाच सहज खायचे. आमच्या धर्माबद्दल त्यांचं मत तेव्हापासून फार चांगलं झालं.

"तू त्यांच्याकडून काही चार्ज करत नाहीस ना?" नवऱ्याने एकदा विचारलं. "व्हिसाचा इश्यू होईल हं."

"बटाटे खाते. त्याला परमिट लागत नाही."

डिसेंबरात बर्फ पडायला लागलं आणि मला घडाघडा वाचता यायला लागलं. एका बैठकीत दहा-दहा पानं सहज झाली असती. मी तीन वाचायचे. कधी अडल्यासारखं करायचे, कधी एखादा शब्द 'घरी डिक्शनरीत बघते' म्हणून ठेवायचे. डिक्शनरी बघायची गरज नव्हती. मी पानं मोजली होती. या वेगाने एप्रिलपर्यंत पुरली असती. भराभर वाचली तर जानेवारीतच संपणार होती. वही संपली की मला त्या स्वयंपाकघरात जायला कारण उरणार नव्हतं. कोणी 'ये' म्हटलं तरी नुसतं बसायला जायचा माझा स्वभाव नाही. मला हातात काम लागतं, नाहीतर मी ओशाळते. आठवड्याचे सहा दिवस मी त्या दोन तासांवर काढत होते. बुधवारी रात्रीच कोणता स्वेटर घालायचा ते ठरवून ठेवायचे. आज लिहितानाही याची लाज वाटते, पण तसंच होतं.

जानेवारीच्या शेवटच्या गुरुवारी मागच्या दाराशी भाजीचा ट्रक आला आणि ते माल उतरवून घ्यायला बाहेर गेले. मी सहज पुढची पानं चाळली. एका पानावर 'पोरगी' हा शब्द दिसला. मी वाचलं.

'आज पोरीने श्पेट्झल् एकटीने केल्या.' श्पेट्झल् म्हणजे अंडं घातलेल्या त्यांच्या जाड शेवया, हॉटेलचं मुख्य पक्वान्न. 'माझ्यापेक्षा चांगल्या झाल्या. तिला सांगितलं नाही. सांगितलं तर ती इथेच राहील आणि माझ्यासारखी जन्मभर चुलीपुढे उभी राहील. तिच्यात याहून पुष्कळ आहे. म्हणून मी तिला बोलते. तिने चिडावं आणि निघून जावं.' त्यापुढे बऱ्याच पानांनी, हात थरथरत लिहिलेलं: 'हॉटेल धाकट्याच्या नावावर करते आहे. पोरीच्या पायात ते नको. ती अजून इथेच आहे. कधी जाणार ही?'

बाहेर ट्रकचं दार आपटलं. मी पानं उलटून मागे, जिथे होते तिथे आले. कोबीच्या बरण्यांवर. ते हात चोळत आत आले आणि रोजच्यासारखं म्हणाले, "पोरीबद्दल काही?"

"अजून नाही," मी म्हटलं.

विचार करून म्हटलं नाही, तोंडातून गेलं. पण घरी चालत येताना विचार केला, आणि तरीही ठरवलं की पुढच्या गुरुवारी नको, त्याच्या पुढच्या. क्रमाने वाचत गेलं तर ते पान तसंही मार्चमध्येच येणार. मग मी खोटं कुठे बोलले? स्वतःला फसवायला फार हुशारी लागत नाही, आणि माझ्याकडे तर दिवसभर वेळ होता.

नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, "सांगून टाक ना यार. कशाला ड्रॅग करतेस?"

"तुला काय जातंय? तुझ्याशी दिवसभर पन्नास माणसं बोलतात."

मी इतकी एकटी आहे हे त्याला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं असावं, पण त्यावर काय करायचं हे त्यालाही माहीत नव्हतं आणि मलाही.

एक गुरुवार बर्फाच्या वादळात गेला. एक माझ्या तापात. उरलेल्या तीन गुरुवारी मी कोबी, सॉसेज, ओढ्याला आलेला पूर, आजोबांची गुडघेदुखी असं सगळं सावकाश वाचून दाखवलं, आणि तिन्ही वेळा त्यांनी विचारल्यावर "अजून नाही" म्हटलं. दर वेळी ते मान हलवायचे आणि माझ्या ताटलीत आणखी एक धिरडं घालायचे.

मार्चच्या दुसऱ्या गुरुवारी मी गेले तेव्हा बटाटे तसेच टोपलीत होते. ते हात मांडीवर ठेवून बसले होते.

"रविवारी तिने मला विचारलं, तुम्ही कोण," ते म्हणाले. "मी नाव सांगितलं. म्हणाली, छान नाव आहे."

मी कोट न काढताच वही ओढली, ते पान काढलं आणि वाचलं. मग दुसरं. आधी जर्मनमध्ये, मग इंग्रजीत. ऐकून झाल्यावर ते उठले, चुलीचा गॅस बंद केला आणि दारावर 'आज बंद' असं लिहून कागद लावला. सगळ्या आयुष्यात त्यांनी संध्याकाळचं हॉटेल असं कधी बंद ठेवलं नव्हतं. "चल," म्हणाले. "कदाचित आज तिला आठवत असेल. काही दिवस बरे असतात."

गाडीत ते बोलत होते. बरं झालं सापडलं, तू केवढे कष्ट घेतलेस, दुसऱ्या कोणी कधीच सोडून दिलं असतं. ते मला ऐकवेना. हायवेवरून उतरताना मी म्हटलं, "मला हे पान जानेवारीतच सापडलं होतं."

त्यांनी रस्त्यावरून नजर हलवली नाही.

"वही संपली की मला यायला मिळणार नाही, म्हणून सांगितलं नाही."

ते रागावले असते तर मी निदान रडले असते. पार्किंगमध्ये गाडी लावून त्यांनी वही स्वतःच्या हातात घेतली आणि माझ्यासाठी दार धरलं, नेहमी धरायचे तसं.

बहीण खिडकीजवळ खुर्चीत होती. लहानखुरी, केस कोणीतरी नीट विंचरून दिलेले. भावाने वाकून तिच्या कपाळाचं चुंबन घेतलं, तेव्हा ती परक्या माणसाला हसावं तशी हसली. त्यांनी वही माझ्यापुढे धरली आणि म्हणाले, "वाच."

मी वाचलं. जर्मन ऐकताना ती जरा पुढे झुकली. मग मी इंग्रजीत सांगितलं, शेवयांचं, न बोललेल्या कौतुकाचं, निघून जाण्याचं, हॉटेल कोणाच्या पायात नको होतं त्याचं. तिने मध्ये एकदाही थांबवलं नाही.

"त्या मुलीला कोणी सांगितलं का हे?" तिने विचारलं.

मी त्यांच्याकडे पाहिलं. ते खिडकीबाहेर बघत होते. उत्तर मलाच द्यायचं होतं.

"सांगितलं," मी म्हटलं.

"मग? गेली ती?"

"नाही. राहिली."

"वेडी," ती म्हणाली आणि माझ्या हातावर हात ठेवून हसली. "एवढं चांगलं कोणी बोललं असतं, तर मी जगभर फिरून आले असते."

परत येताना अंधारून आलं होतं. त्यांनी मला आमच्या इमारतीपाशी सोडलं आणि मी वर जाऊन दिवा लावेपर्यंत थांबले. पुढच्या गुरुवारी ये असं ते म्हणाले नाहीत, येऊ नकोस असंही नाही. वहीची तीसेक पानं वाचायची राहिली होती. त्या गुरुवारी अडीच वाजता मी कोट घातला, बूट घातले आणि जिन्यातल्या पायरीवर साडेचारपर्यंत बसून राहिले.